पखालीचा रेडा

"घोडा बसला तो उठेचना बघा!" जानकीबाई म्हणाल्या, आणि गटाराच्या अलीकडं सुभद्राबाईंच्या हातातलं सूप थांबलं.

घोडा म्हणे!

देवासची ही आळी म्हणजे गंमतच होती बरं का, भिया. मधून गटार. पलीकडची घरं थोरल्या पातीच्या राज्यात, अलीकडची धाकट्या पातीच्या. एका आळीत दोन राजे! आणि आज थोरल्या पातीचे कारकून नीलकंठराव दौत-टाक घेऊन जानकीबाईंच्या ओट्यावर बसले होते. दरबारच्या पुस्तकात आळीची हकीकत छापायची होती. आळी कशी वसली, पहिलं कोण आलं, सगळं. जानकीबाई ओट्याच्या काठावर ऐसपैस, पाय खालच्या काळ्या दगडावर.

सुभद्राबाईंचा जीव नुसता जळत होता. ही गोष्ट जानकीला सांगितली कुणी? त्यांनीच! गेल्या उन्हाळ्यात शेवया वळताना, एकदम खुशीत येऊन. आणि आज ही बया तीच गोष्ट स्वतःच्या पणजोबांच्या नावावर खपवत होती. रेड्याचा घोडा करून!

"मग पणजोबा म्हणाले, जनावर उठत नाही तर आपणही इथंच राहायचं. विहीर खणली. आळी वसली."

नीलकंठरावांचा टाक कागदावर करकरत होता. सुभद्राबाईंना तो काळजावरच चालल्यासारखा वाटला.

"घोडा कधी असा बसतो का हो?" त्या दारातूनच ओरडल्या. "रेडा होता तो! पखालीचा रेडा. फौजेला पाणी पाजायचा. आणि आमचा होता!"

जानकीबाई हसल्या. "ऐका! रेड्यासाठी भांडतेय. घे गं बाई, रेडा तुझा, घोडा माझा."

"बाई, तुमचं घर धाकट्या पातीत," नीलकंठराव मान वर न करता म्हणाले. "तिकडचं मला लिहिता येत नाही. तुमचे कारकून येतील तेव्हा त्यांना सांगा."

येतील! तोवर इकडं घोडा छापून मोकळा व्हायचा.

सुभद्राबाई उठल्या. बसायचा पाट उचलला, गटार ओलांडलं, आणि थेट ओट्यासमोर पाट टाकून बसल्या.

"आता मी थोरल्या पातीत बसलेय. लिहा."

नीलकंठरावांना हसू आलं, पण त्यांनी ते मिशीत दाबलं आणि टाक दौतीत बुडवला.

मग काय, बाई सुटल्याच. रेड्याचं नाव बाज्या. डावं शिंग मोडकं. दख्खनहून इथवर पखाल वाहून आणली त्यानं, आणि इथं आल्यावर खालीच बसला. पखाल फुटली, पाणी सगळं मातीत. फौज पुढं निघून गेली. सासऱ्यांचे आजोबा मात्र त्याच्या तोंडाशी ओंजळीनं पाणी धरून बसले. तिसऱ्या दिवशी बाज्या गेला. जिथं बसला होता तिथंच पुरला त्याला. आणि त्याला सोडून जायला आजोबांचा पाय निघेना, म्हणून घर बांधलं. पहिलं घर. विहीर नंतरची, आणि मधलं गटार तर त्याच्याही नंतरचं.

टाक थांबला. नीलकंठरावांनी जानकीबाईंकडं पाहिलं.

"तुमच्या घोड्याचं नाव काय होतं हो?"

जानकीबाई पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिल्या.

"बरं. आणि तो रेडा पुरला कुठं? काही खूण?"

सुभद्राबाईंनी नुसतं समोर, जानकीबाईंच्या पायांखाली पाहिलं. कालच पोळा झाला होता. दर पोळ्याला येतात तशा कालही त्या गटार ओलांडून आल्या होत्या, आणि त्या काळ्या दगडाला कुंकू लावून गेल्या होत्या.

जानकीबाईंनी हळूच पाय वर ओढून घेतले. दोन्ही टाचा लाल होत्या.