सकाळी आठची गाय

हेझल बसली ती रस्त्याच्या बरोबर मधोमध, पिवळ्या पट्ट्यावर. आधी पुढचे गुडघे टेकले, मग सगळं अंग सोडलं आणि बसल्याबसल्या रवंथ सुरू केलं.

"ऊठ गं बाई," विल्मा ड्रेसबाख म्हणाली. गायीने एक कान हलवला, बाकी काही नाही.

दोन्ही बाजूंना गाड्यांच्या रांगा लागल्या. आठची वेळ, नव्या वसाहतींतली माणसं शहराकडे कामाला निघालेली. कुरणं बुजवून वसाहती बांधायच्या आणि त्यांना 'हिरवं कुरण' असं नाव द्यायचं, ही इथली रीतच पडली होती. आता कुरण उरलं होतं ते विल्माचं, रस्त्याच्या पश्चिमेला. तिचा गोठा पूर्वेला.

पलीकडे आपली गाडी लावून कर्टिस ओलिंगर उभा होता. टाउनशिपच्या, म्हणजे इथल्या पंचायतीच्या, रस्ते खात्याचा साहेब. गाय आज रस्ता ओलांडते की नाही, ते पाहायलाच तो आला होता. रस्ता रुंद होणार, मध्ये काँक्रीटचा दुभाजक येणार. ड्रेसबाखांची गुरं रोज आपल्या पायांनी रस्ता ओलांडतात तोवर दुभाजकात त्यांच्यासाठी फट ठेवायची, एक दिवस जरी खंड पडला तर फट कायमची बंद, असं टाउनशिपच्या मंडळाने ठरवलं होतं. नवं जनावर आणायला बंदी. जुन्यांपैकी एकटी हेझल राहिली होती, तीही म्हातारी. ती थांबली की कुरण गोठ्यापासून तुटलं, आणि तुटलेलं कुरण घ्यायला बिल्डर टपूनच बसला होता.

"मिसेस ड्रेसबाख, झालं आता," कर्टिस जवळ येऊन म्हणाला. "दोरी बांधतो आणि माझ्या गाडीने तिला गोठ्यापर्यंत ओढून नेतो."

"ओढायचंच असेल तर पलीकडे कुरणात ओढ."

"ते चालणार नाही. तुम्हाला माहीत आहे."

"मग हात लावू नकोस तिला."

रांगेतून इस्त्रीच्या शर्टातला एक माणूस खाली उतरला. "अहो बाई, मला कामावर जायचंय!"

"मी कामावरच आहे," विल्मा म्हणाली.

कर्टिसने आवाज उतरवला. तो लहानपणी याच गोठ्यात दूध प्यायला होता आणि तो विषय तिने काढलेला त्याला नको होता. "जरा विचार करा. टाउनशिपमध्ये आता तीस हजार माणसं आहेत. आणि तुमची एक गाय."

"त्या तीस हजारांत मला धरलंस?"

"धरलं की."

"मग बाकीच्यांना सांग, मी रस्ता ओलांडतेय."

कर्टिसने हात टेकले. वळून त्याने गाड्यांना कडेच्या खडीवरून पुढे यायची खूण केली. पहिली गाडी आली. तिच्या चाकाखालचा खडा उडून हेझलच्या पाठीवर बसला. दुसरी तर तिच्या शेपटीला घासूनच गेली. हेझलचं रवंथ थांबलं, डोळे पांढरे झाले, आणि तिने मान गोठ्याकडे वळवली. आता ती उठली असती तर घराकडेच पळाली असती. विल्मा तिच्या तोंडापुढे दोन्ही हात पसरून उभी राहिली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिला भीती वाटली, आणि भीती वाटली म्हणून स्वतःचा भयंकर रागही आला.

पुढची पाळी शाळेच्या पिवळ्या बसची होती. बस खडीवर उतरली, गायीशेजारी आली आणि तिथेच थांबली. वरचे लाल दिवे उघडझाप करू लागले. बाजूचा 'थांबा' लिहिलेला लाल पत्रा बाहेर आला. बसचं दार उघडलं.

तो पत्रा बाहेर असताना हलायचं नाही. समोरूनही नाही, मागूनही नाही. हे या मुलखात गाडी शिकतानाच अंगात भिनवतात. दोन्ही रांगा जागच्या जागी गोठल्या. खात्याचा साहेब असला म्हणून कर्टिसला वेगळा नियम नव्हता.

"लव्हर्न!" तो ओरडला. "इथे एकही पोर उतरत नाही!"

चालवणाऱ्या बाईने खिडकीतून डोकं काढलं. ही लव्हर्न पिटमन. बारा वर्षांपूर्वी तिने आपलं शेत बिल्डरला विकलं आणि आता त्याच शेतावरच्या वसाहतीत ती राहत होती. शेत विकलं त्या दिवसापासून विल्माने तिच्याशी अबोला धरला होता.

"एका पोराच्या बुटाची नाडी सुटलीय," लव्हर्न म्हणाली. "ती बांधून होईस्तोवर दार उघडंच राहणार. काय म्हणणं आहे?"

कर्टिस काहीही म्हणाला असता तरी ते पोरांच्या सुरक्षिततेविरुद्ध बोलल्यासारखं झालं असतं, आणि संध्याकाळी मंडळाची बैठक होती.

विल्माने बसकडे पाहिलं. घसा खाकरला.

"दुहेरी गाठ मार," ती म्हणाली.

"मारतेय," लव्हर्न म्हणाली.

हॉर्न बंद झाले होते. विल्माने गुडघा हेझलच्या कुशीला लावला आणि तिच्या पाठीवरून हात फिरवला. हेझलला दम लागला होता. तो शांत झाला. मग तिने मागचे पाय उचलले, जराशी डगमगली, पुढचे उचलले, आणि कुरणाचा वास घेत, कोणाचीही पर्वा न करता, पश्चिमेकडे चालू लागली.

विल्माने तिला फाटकातून आत घेतलं आणि कडी लावली. मागून कर्टिस आला होता. चिडल्यासारखा, थोडा हरल्यासारखाही.

"आज जमलं," तो म्हणाला. "उद्याचं काय?"

"उद्याचं राहू दे," विल्मा म्हणाली. "आधी संध्याकाळी पाचला ये. तिला परत घरी आणायचंय."