चर्चा करावी

फाइलीत सत्तेचाळीस कागद होते, नऊ सह्या, चौदा शिक्के आणि हिरव्या शाईतला एक शेरा: ‘चर्चा करावी.’ कोर्टाबाहेरच्या बाकावर बसून अधिकाऱ्याने हे सगळं दोनदा मोजलं. नकार कुठेच नव्हता.

कोर्टाचा आदेश साधा होता. पाच वर्षांच्या एका मुलीचं बंद पडलेलं श्रवणयंत्र कचेरीने चार आठवड्यांत बदलून द्यायचं. नवं यंत्र तिसऱ्याच आठवड्यात आलं आणि अधिकाऱ्याच्या खुर्चीमागच्या कपाटात ठेवलं गेलं. त्याने फाइलीवर शेरा मारला, फाइल कारकुनाकडे परत गेली. चर्चा काही झाली नाही. कोर्टाच्या अवमानाची नोटीस हातात पडली तेव्हा कपाट उघडलं. आदेशाला चारशे चार दिवस झाले होते. यंत्र आज सकाळी मुलीच्या आईला दिलं.

“माफी मागताना मान खाली आणि आवाज मोठा,” सरकारी वकील म्हणाले. “उलटं केलंत तर मेलात. आणि प्रतिज्ञापत्रातल्या सहाव्या परिच्छेदाची काळजी सोडा. विलंब कारकुनाच्या हलगर्जीपणामुळे झाला, असं स्वच्छ घातलंय.”

वकील आत गेले. प्रतिज्ञापत्रावरची अधिकाऱ्याची सही वाळली होती. बाकाच्या दुसऱ्या टोकाला कारकून कागदांचं गाठोडं मांडीवर घेऊन बसला होता. सहावा परिच्छेद त्यानेच टाइप केला होता. त्यात एकही चूक नव्हती.

“काका, टाइप करताना तुम्ही काही बोलला नाहीत.”

“काय बोलायचं, साहेब? तुमच्या नोकरीची वीस वर्षं राहिलीत, माझे पाच महिने. कुणाच्या तरी गळ्यात घालावंच लागतं.”

“पण तुम्ही चर्चेला आलाच नाहीत ना?”

“दोनदा आलो होतो. तुम्ही म्हणालात, नंतर बघू.”

कारकुनाच्या आवाजात तक्रार नव्हती. अधिकाऱ्याने आठवून पाहिलं. त्याला दोन्ही वेळा आठवेनात.

पुकारा झाला. सरकारी वकिलांनी सांगितलं की आदेशाची पूर्तता झाली आहे आणि माफी बिनशर्त आहे. न्यायाधीशबाईंनी चष्मा वर केला.

“सहावा परिच्छेद वाचला मी. तुमच्याकडे कारकून हिरव्या शाईने शेरे मारतात का?”

वकील कागद चाळू लागले.

“शेरा माझा आहे,” अधिकारी म्हणाला. त्याची मान खाली होती आणि आवाजही. “सहावा परिच्छेद खोटा आहे. सही मीच केली.”

वकिलांनी हळूच त्याचा कोट ओढला. मागच्या रांगेत कारकून गाठोड्याची गाठ उगाचच घट्ट करत होता.

बाईंनी लिहून घेतलं आणि मुलीच्या आईकडे वळल्या. “तुम्हाला काही म्हणायचंय?”

“यंत्र मिळालं, मॅडम. साहेबांचे आभार.” ती थांबली. मग पिशवीतून घडी घातलेला एक कागद काढून तिने पुढे केला. “तपासणीचा आहे. एवढा फक्त बघा.”

बाईंनी तो पाहिला. मग त्यांनी तो शिपायाकरवी अधिकाऱ्याकडे पाठवला.

“तुम्ही वाचा. मोठ्याने.”

मुलगी आईला चिकटून उभी होती. तिच्या कानात नवं यंत्र होतं, तरी ती अधिकाऱ्याच्या ओठांकडेच बघत होती. त्याने एकदा घसा साफ केला.

“मुलगी स्वतःहून बोलते ते शब्द,” त्याने वाचलं. “आदेशाच्या आठवड्यात, एकशे बारा. गेल्या सोमवारी, एकोणचाळीस.”