खडकावरचा लच्छू

“पिंजरा नाल्यात लावा विनोदभाऊ. ते ठिपकेवाली बिबट तिथूनच येते,” बुधरीबाई म्हणाली.

वनरक्षक विनोदला ते पटलं. मोहफुलं न् तेंदूपानं वेचण्यात जन्म गेलेल्या बाईला जंगल शिकवायची काय गरज! बिबटीनं शेळ्या नेल्या तोवर गाव गप्प होतं. परवा तिनं माणसावर झडप घातली आणि पिंजऱ्याचा हुकूम आला.

“टेकडीकडं काई दिसते काय?”

“तिकडं काई नाई जी.”

खोटं बोलायची सवय नव्हती तिला, तरी जीभ अडखळली नाही. तिच्या घरामागच्या टेकडीवर, खडकावर, सांजेला एक जनावर येऊन बसायचं. दुरून दिसायचं तेवढंच. अंगानं बारीक, कोळशासारखं काळं. तो तिचा लच्छू होता, अशी तिची खात्री होती.

गेल्या साली सिकलसेलच्या आजारानं तिचा लेक लच्छू गेला. तोही असाच बारीक, असाच काळा. बुधरी मात्र हळदीसारखी उजळ. बाजारात बाया विचारायच्या, “हा तुमचाच काय वो?” ती हसून म्हणायची, “एका कोंबडीचे पिल्लं तरी एका रंगाचे रायतेत काय?”

एकदा तो हातचा गेला होता. आता पिंजऱ्यात जाऊ द्यायचा नव्हता. आमिषाला तिनं आपलीच शेळी दिली.

सकाळी ठिपकेवाली अडकली. शेळी पिंजऱ्यातल्या जाळीआड धडधाकट होती. विनोद गाडीबरोबर बिबटीला लांबच्या जंगलात सोडायला गेला. कित्येक महिन्यांनी बुधरी पोटभर जेवली.

त्या सांजेला खडकावरून पहिल्यांदाच हाक आली. बारीक, चिरकी, पुन्हा पुन्हा. बुधरीच्या डोळ्यांचं पाणी खळेना. मेलं तरी लेकरू आईलाच हाक मारतं.

“हाव रे बापा, मी इथीच हाओ,” ती अंगणातून म्हणाली.

दुसऱ्या सांजेला हाक खोल गेली होती. तिसऱ्या सांजेला आलीच नाही. लच्छूचा जीव शांत झाला, असं म्हणून तिनं खडकाला हात जोडले.

चौथ्या दिवशी विनोद धापा टाकत आला.

“बुधरीबाई, ते बिबट पिल्लाले दूध पाजत होती. नाल्यातल्या कॅमेऱ्याचे फोटो आत्ता पाह्यले. पिल्लू इथीच राह्यलं. तुमाले कुठी दिसलं काय? उपाशी मरन ते.”

त्यानं मोबाइल तिच्यापुढं धरला. ठिपकेवाली नाल्यातून चालली होती. तिच्या शेपटीमागून एक पिल्लू येत होतं, अंगानं बारीक, कोळशासारखं काळं.