थळचं तिकीट

"काकी, हा घ्या. तोच पिक्चर, चकाचक प्रिंट." शेजारच्या पियूषने पेन ड्राइव्ह सुचितापुढे धरला.

"नको."

"अवो, फुकट हाय!"

"म्हणूनच नको."

कालच्या वादळामुळे थळमध्ये रेंज नव्हती. वीज होती, टीव्ही होता, नेट नव्हतं. आज एकतीस तारीख. खताच्या कारखान्यातल्या प्रयोगशाळेतून निवृत्त झाल्यापासून सुचिता दर महिन्याला एक जुना तमिळ चित्रपट बघायची. तोच एक, आणि दर वेळी नवं तिकीट काढून. चेन्नईचा एक नव्वदीतला निर्माता तो स्वतःच्या वेबसाइटवर दाखवायचा. तिथे नाव विचारत नसत. गाव आणि मोबाइल नंबर भरला की चित्रपट सुरू. चार वर्षांत एकही महिना चुकला नव्हता. आजचा दिवस गेला की चुकणार होता.

"थळात कोण चोरून बघतंय, त्या म्हाताऱ्याला काय कळनार?" पियूष हसला. "सगळं गाव असंच बघतंय."

"गावाला बघू दे. मी नाही बघणार."

"काका, तुमी तरी सांगा काकीला."

तिचा नवरा सदा ओटीवर जाळं शिवत होता. मान वर न करता तो म्हणाला, "बापानं सांगून ऐकनारी असती तर माझ्या घरात आली असती काय?"

सुचिताने चपला घातल्या. मांडव्याला रेंज असते, असं कोणीतरी म्हणालं होतं. रिक्षा करून ती जेट्टीवर गेली आणि फोन उंच धरून तासभर उभी राहिली. शेवटची बोट सुटली. रेंज आली नाही.

ती परतली तेव्हा पियूषने टीव्हीवर चित्रपट लावूनच ठेवला होता. पडद्यावर नावं येत होती. तिने पेन ड्राइव्ह उपसला आणि त्याच्या तळहातावर ठेवला.

"तोंडपाठ हाय तुमाला सगळा. मग तिकिटाची एवढी जिद्द कशापायी?"

"चोरीचा पिक्चर या घरात लागणार नाही. पुन्हा आणू नकोस."

महिना चुकला.

दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमारास रेंज आली आणि लगेच फोन वाजला. अनोळखी नंबर. पलीकडे एक थकलेला आवाज तमिळमध्ये बोलत होता. चाळीस वर्षं तिने तो ऐकला नव्हता.

"पोरी, अप्पा बोलतोय. थळचं तिकीट आलं नाही गेल्या महिन्यात. बरी आहेस ना?"