सरासरी शून्य

"शून्य म्हणजे शून्यच ना?" तात्याराव बराट्यांनी अहवाल मिटून टेबलावर ठेवला. "अभ्यासिकेत येणाऱ्या मुली आणि न येणाऱ्या मुली, मार्कांत फरक काही नाही. आपणच लिहिलंय. मग चालवायच्या कशाला?"

कोथरूडच्या त्या कार्यालयात तिघंच होती. संस्थेचे कार्यवाह बराटे, विद्यापीठातल्या शर्मिला मॅडम आणि त्यांच्याकडे पीएच.डी. करणारी दीक्षा. संस्था वस्त्यावस्त्यांत मुलींसाठी संध्याकाळच्या अभ्यासिका चालवत होती. त्यांचा उपयोग होतो का, हे दीक्षाने वर्षभर तपासलं होतं. त्यावर आज निर्णय व्हायचा होता.

"सर, एक आलेख दाखवायचा राहिलाय," दीक्षा म्हणाली आणि तिने लॅपटॉप त्यांच्याकडे वळवला. पडद्यावर दोन रेषा होत्या. एक वर चढत होती, दुसरी खाली उतरत होती.

"सर, या उन्हात ताक प्यायलं की आपल्याला बरं वाटतं. पण खोकला झालेल्याला तेच ताक बाधतं. दोघांना पाजून सरासरी काढली, तर ताकाने काही होत नाही असंच निघेल."

"पुढे?"

"ज्या मुलींना संध्याकाळी घरचं काम नसतं, त्यांचे मार्क अभ्यासिकेमुळे वाढलेले दिसतात. ज्यांच्यावर स्वयंपाक आणि भांडी आहेत, त्यांचे कमी झालेत. वाढ आणि घट एकत्र केली की उरतं शून्य. याला आम्ही आंतरक्रिया म्हणतो. एका गोष्टीचा परिणाम दुसरीवर अवलंबून असणं."

बराटे चष्मा सावरून पुढे वाकले. "कमी का व्हावेत पण?"

"मी येरवड्याच्या वस्तीत जाऊन विचारलं. ऋतिका म्हणून एक मुलगी आहे, आता दहावीत जाईल. तिची आई दुपारनंतर लोकांकडे पोळ्या करायला जाते. ऋतिका म्हणाली, 'ताई, अभ्यासिकेतून घरी आले की भांडी तशीच पडलेली असतात. मग सगळं उरकायला रात्र होते आणि दुसऱ्या दिवशी वर्गात पेंगते.' सकाळी आई घरी असते. तेव्हा ऋतिका मोकळी असते."

बराट्यांनी पेनाचं टोपण काढलं. "मग सोपं आहे. वेळ बदला. सगळ्या अभ्यासिका सकाळी करून टाकू."

दीक्षाला हेच हवं होतं. तेवढ्यात शर्मिला मॅडमनी विचारलं, "दीक्षा, घरकामाप्रमाणे मुली वेगळ्या काढायच्या, हे तू आकडे बघण्याआधी ठरवलं होतंस, की नंतर सापडलं?"

दीक्षाने बराट्यांच्या हातातल्या उघड्या पेनाकडे पाहिलं. 'आधी' एवढंच म्हणायचं होतं. कोणी तपासायला येणार नव्हतं.

"नंतर," ती म्हणाली. "शून्य आल्यावर वय लावून पाहिलं, वस्ती लावून पाहिली, आईचं शिक्षण, भावंडं, सगळंच. त्यात एवढं एकच लागलं. इतके गळ टाकल्यावर एखादा मासा योगायोगानेही लागू शकतो."

"म्हणजे आत्ता दाखवलंत ते खोटं?"

"खोटं नाही, सर. अजून खरं ठरलेलं नाही."

"वा! वर्षभराने हे कळलं." बराट्यांनी पेनाला टोपण लावलं.

"दिवाळीपर्यंत वेळ द्या," दीक्षा म्हणाली. "निम्म्या अभ्यासिका सकाळी करू, निम्म्या संध्याकाळीच ठेवू. कुठली कधी, ते चिठ्ठ्या टाकून. काय मोजायचं ते आजच लिहून तुमच्याकडे देते. माझं चुकलं तर तेही तुम्हाला दिसेल."

"अहो, वेळापत्रक चिठ्ठ्या टाकून करायला ही काय भिशी आहे?"

"आपण निवडलं की आपल्याला हवं तसंच निवडतो, सर."

बराट्यांनी आलेखाकडे पुन्हा एकदा पाहिलं. मग त्यांनी अहवालाचं मागचं कोरं पान टर्रकन फाडलं, वस्त्यांची नावं लिहिली, तुकडे केले आणि चहाच्या रिकाम्या कपात टाकले. "निम्म्या काढा. निघतील त्या सकाळच्या. दिवाळीपर्यंत. त्यानंतर ऐकून घेणार नाही."

दीक्षा एकेक चिठ्ठी काढत गेली. येरवड्याची येईना. निम्म्या काढून झाल्या, तेव्हा ती कपातच राहिली होती.

"येरवडा तेवढा सकाळी करून टाकू," बराटे हळूच म्हणाले. "एका वस्तीने काय होतंय?"

दीक्षाने कपावर हात ठेवला. "नको, सर."

खाली उतरल्यावर मॅडम म्हणाल्या, "आज तू मला फार आवडलीस." मग गाडी आणायला निघून गेल्या.

दीक्षाने तिथेच उभं राहून ऋतिकाच्या आईच्या नंबरवर फोन लावला. सुट्टी होती, ऋतिकानेच उचलला. दीक्षाने तिला सगळं सांगितलं. येरवड्याची अभ्यासिका सध्या संध्याकाळीच राहणार, हेही सांगितलं.

ऋतिकाने विचारलं, "आणि तुमचं बरोबर निघालं तर?"

"तर दिवाळीनंतर सगळीकडे सकाळी व्हावी म्हणून मी भांडेन. पण अगं, निघेलच असं नाही."

"दहावीची परीक्षा मार्चमध्ये असते ना? मग चालतंय." फोन तोंडापासून न हलवताच ऋतिका घरात ओरडली, "आई, दिवाळीनंतर सकाळी मला हाका मारत बसू नकोस. मी घरात नसणार!"