दस्तावरचं साल

माझा थोरला भाऊ आप्पासाहेब औरंगाबादेत विज्ञानाचा प्राध्यापक. वीस वर्षं खपून त्यानं दौलताबादच्या आमच्या घरात काळात मागं जायचं यंत्र बनवलं, आणि पहिली फेरी काढली ती मला चोर ठरवायला. वडलांनी पेरूची बाग माझ्या नावानं केली, तो निजामाच्या काळातला उर्दू दस्त खोटा आहे, असं तो गावभर सांगत फिरायचा.

यंत्रात बसून त्यानं आतून कडी लावली आणि ओरडला, "दस्त झाला त्या दिवशी जाऊन डोळ्यानं बघतो. मग तुला खडी फोडायला धाडतो!"

यंत्राला इंग्रजी साल बाहेरून लावायचं होतं. त्याला उर्दूचं अक्षर येत नव्हतं. मी तहसील कचेरीत जन्मभर तेच वाचलं.

"आप्पा, हिशोब करून साल लावू का?" मी विचारलं.

"कारकुनड्या, तुझं डोकं चालवू नको! कागदावर जो आकडा हाय, तोच लाव."

मी तोच लावला, १३५५, आणि खटका दाबला.



निजामाच्या कागदावर फसली साल असतं, त्यात पाचशे नव्वद मिळवले की इंग्रजी साल निघतं. पण डोकं चालवायची मला मनाई होती.