एकाहत्तर ग्रॅम

"मोठ्यानं वाचा," काटेसाहेब म्हणाले.

डॉक्टरांनी नुकतंच कासव वजनकाट्यावर ठेवलं होतं. त्यांनी चष्म्यावरून एकदा म्हाताऱ्याकडे पाहिलं आणि वाचलं, "एक किलो तीनशे चाळीस."

"बाबा, इथे तरी नको," लेक म्हणाली. मग डॉक्टरांकडे वळून, "तीस वर्षं दुकानदारांचे काटे तपासले ना. ज्याचा काटा, त्यानंच आकडा मोठ्यानं वाचायचा, हा यांचा नियम. निवृत्त झाले तरी सुटत नाही."

कासवाचं नाव पासंग. ते मान आत ओढून बसलं होतं. दोन दिवस त्यानं पाल्याला तोंड लावलं नव्हतं.

डॉक्टरांनी एक्स-रे उजेडावर धरला. पोटाच्या जागी धुरकट ढग, आणि ढगाच्या कडेला चार गोल.

"बिया आहेत. चेरीच्या असाव्यात. कुणी घातल्या?"

"चेरी? छे!" लेक म्हणाली. "आमच्याकडे फळच येत नाही. बाबांना शुगर आहे. मी दर रविवारी फ्रिजपासून कचऱ्याच्या डब्यापर्यंत सगळं बघते."

"माणसाला शुगर असो नसो, कासवाला फळ म्हणजे चैन. महिन्यातून एखादा नखाएवढा तुकडा, तोही बी काढून. जास्त झालं की पोटात आंबतं, वायू धरतो. हा ढग त्याचाच." त्यांनी गोलांवर पेन्सिल टेकवली. "मला चार दिसतात. ढगामागे किती, ते दिसत नाही. चारच असतील तर कोमट पाण्यात बसवू, तेल पाजू, निघून जातील. पण गठ्ठा अडकला असेल तर आजच खालचं कवच कापावं लागेल. उगीच कापलं तर त्यातच जायचं. नुसती वाट पाहिली तर वाट पाहण्यात जायचं. आकडा कळला असता तर बरं झालं असतं."

काटेसाहेबांनी कोटाच्या खिशातला हात बाहेर काढला नाही.

गेल्या रविवारी सव्वाअकराला कुलपात लेकीची किल्ली फिरली, तेव्हा चेरीची पेटी त्यांच्या मांडीवर होती. दोन महिन्यांपूर्वी ते चक्कर येऊन मोरीत पडले, त्या दिवशीच लेकीनं बजावलं होतं, पुन्हा घरात गोड सापडलं की या घराला कुलूप, आणि तुम्ही माझ्याकडे. दार उघडायच्या आत त्यांनी उरलेल्या चेऱ्या पासंगच्या खोक्यात, पाल्याखाली लोटल्या. लेक दुपारी जेवून गेली. त्यांनी पाला उचलून पाहिला, तर एक देठसुद्धा नव्हता.

"खिडकीतून कुणी टाकल्या असतील," ते आता म्हणाले. आवाज त्यांनाच परका वाटला.

"तिसऱ्या मजल्यावर?" लेक म्हणाली.

डॉक्टर टेबलावरची वही चाळत होते. "ही वही कुणाची?"

"बाबांचीच. रोज सकाळी सातला पासंगचं वजन. स्वतःची गोळी विसरतील, हे नाही विसरायचे."

"रोजचा फरक दोन ग्रॅम, तीन ग्रॅम. आणि सोमवारी एकदम एकाहत्तर." डॉक्टरांनी वही मिटली. "असो. काटा चुकला असेल."

काटेसाहेबांची मान ताठ झाली.

"माझा काटा चुकत नाही."

"मग हे एकाहत्तर ग्रॅम कसले?"

पासंगनं डोकं बोटभर बाहेर काढलं, तोंड उघडलं, आवाज न करता मिटलं.

काटेसाहेबांनी खिशातून रुमाल काढला. गाठ घट्ट होती. नखांनी सुटेना, म्हणून त्यांनी ती दातांनी सोडवली. स्टीलच्या ट्रेमध्ये बिया टणटण वाजत पडल्या. लेकीचे ओठ हलत होते. ती मोजत होती.

"पेटीत वीस होत्या," ते म्हणाले. "या अकरा."

"बाबा..."

"नऊ, डॉक्टर. चार नाही. नऊ. कापा."

"नक्की?"

"दोनदा मोजल्यात."

पासंगला दोन्ही हातांनी उचलून डॉक्टर आत गेले. दार लागलं, आतून कडी सरकल्याचा आवाज आला.

लेक ट्रेवर वाकून बिया बघत होती. ओरडली असती तर बरं, असं काटेसाहेबांना वाटलं. तिनं पर्स उघडली, चाचपली आणि हात पुढे केला.

त्यांना कळलं. त्यांनी निमूटपणे घराची किल्ली काढून तिच्या तळहातावर ठेवली.

"किल्ली नाही," ती म्हणाली. तिनं ती ट्रेमध्ये बियांशेजारी ठेवून दिली. "बोट द्या."

तिच्या दुसऱ्या हातात साखर मोजायचं यंत्र होतं. सुई टोचली. थेंब पट्टीवर टेकला. यंत्र उलटे आकडे मोजू लागलं, पाच, चार, तीन. ते थांबलं तेव्हा लेकीनं त्यात पाहिलं नाही. यंत्र त्यांच्यासमोर धरलं.

"तुमचा काटा, बाबा."

काटेसाहेबांनी चष्मा काढून पुसला. बंद दाराकडे एकदा पाहिलं.

"दोनशे शहाण्णव," त्यांनी मोठ्यानं वाचलं.

किल्ली बियांशेजारी तशीच पडली होती. दोघांपैकी कुणीच ती उचलली नाही.